युद्धाच्या चित्रफिती आणि चौकटीच्या कडेला उभी असलेली माणसे

मे २०२५ मध्ये भारत-पाकिस्तान लष्करी संघर्षाच्या दिवसांत देशातील कोट्यवधी मोबाईल फोनवर युद्ध दिसले. त्यातले बरेचसे युद्ध मात्र कुठेच झालेले नव्हते. संगणकावरील खेळांत पाडली जाणारी विमाने खरी म्हणून फिरली, जुन्या स्फोटांच्या चित्रफिती नव्या तारखांनी फिरल्या आणि पत्र सूचना कार्यालयाच्या तथ्य पडताळणी विभागाला एकामागून एक खुलासे करावे लागले. २०२२ साली युक्रेनमध्ये आणि २०२३ साली गाझामध्ये युद्ध पेटले, तेव्हाही हाच अनुभव आला होता. त्यावर उमटलेल्या प्रतिक्रियांत एक सूर समान होता. तंत्रज्ञानाने खऱ्या-खोट्याची सरमिसळ केली, पूर्वीच्या वृत्तपटांत जे दिसे ते तरी घडलेले असे, असा तो सूर. हा समज इतिहासाच्या कसोटीवर टिकणारा नाही. युद्धाची खोटी चित्रफीत जवळजवळ चित्रपटाइतकीच जुनी आहे. मात्र त्याच जुन्या चित्रफितींत एक गोष्ट खरी उतरली आहे, आणि ती नेमकी कोणती हे पाहण्याची वेळ आज आली आहे.

ब्लॅकबर्नचे 'दक्षिण आफ्रिका'

इंग्लंडच्या लँकेशायर परगण्यातील ब्लॅकबर्न हे कापडगिरण्यांचे गाव. तिथल्या मागांवर विणलेली धोतरे बोटींत भरून मुंबई आणि कलकत्त्याच्या बाजारात येत, एवढा त्या गावाचा आपल्याशी संबंध. या गावात सॅगर मिचेल आणि जेम्स केन्यन या दोघांनी एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस चित्रफिती तयार करण्याचा व्यवसाय सुरू केला. १८९९ साली दक्षिण आफ्रिकेत बोअर युद्ध सुरू झाले आणि इंग्लंडभरच्या जत्रांतून, तंबूंतून युद्धाच्या चित्रांना मागणी आली. आफ्रिकेत कॅमेरे पोहोचले होते, पण त्यांना लढाई टिपता येत नव्हती. लाकडी तिपाईवरचा जड कॅमेरा, हाताने फिरवायचा दांडा आणि दूरचे काही न दिसणारे भिंग एवढ्या सामग्रीवर मैलभर अंतरावरून गोळ्या झाडणारा शत्रू दिसणार कसा? मिचेल आणि केन्यन यांनी मग ब्लॅकबर्नच्या आसपासच्या माळावर गणवेश घातलेली माणसे उभी केली आणि आपले बोअर युद्ध तिथेच लढून घेतले. असे करणारे ते एकटे नव्हते. लंडनमध्ये रॉबर्ट पॉल यांनी आणि अमेरिकेत एडिसन यांच्या कंपनीनेही हेच केले. पॉल यांनी निदान जाहिरातीत ही प्रसंगांची पुनर्निर्मिती असल्याचे म्हटले होते; पुढे तंबूत ती कोणत्या नावाने दाखवली जाई, हा खेळ करणाऱ्याचा प्रश्न.

याच मिचेल आणि केन्यन यांनी त्याच वर्षांत आणखी एक उद्योग केला. गिरणीचा भोंगा झाला की ते फाटकासमोर कॅमेरा लावून उभे राहत. बाहेर पडणारे शेकडो कामगार, डोक्यावरून शाली घेतलेल्या बायका, लाकडी तळाचे बूट खडखडवीत पळणारी मुले असे सारे दोन-तीन मिनिटांच्या फितीत येई. फीत धुऊन जत्रेच्या तंबूत दाखवायची आणि त्याच कामगारांनी स्वतःला पाहण्यासाठी तिकीट काढायचे, असा तो साधा व्यापार होता. आठवडाभरात त्या फितीचा उपयोग संपे. जपून ठेवावी असे तिच्यात काही आहे, असे कोणाला वाटण्याचे कारणच नव्हते.

१९९४ साली ब्लॅकबर्नमधील एका जुन्या दुकानाच्या तळघरात धातूची तीन पिंपे सापडली. त्यांत या कंपनीच्या सुमारे आठशे मूळ निगेटिव्ह होत्या. ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटने त्यांची दुरुस्ती केली आणि २००५ साली बीबीसीने त्या दूरचित्रवाणीवर आणल्या. पहिल्या महायुद्धापूर्वीच्या इंग्लंडमधील सामान्य माणसांचा इतका तपशीलवार चित्रसाठा दुसरा नाही. ब्लॅकबर्नच्या माळावरची लढाई आज चित्रपटाच्या इतिहासातील एक गंमत म्हणून उरली आहे; गिरणीच्या फाटकासमोरची दोन मिनिटे मात्र इतिहासाचे साधन ठरली.

अर्थात फाटकासमोरचे ते चित्रणही अगदी निर्हेतुक होते असे नव्हे. खेळ करणारा माणूस स्वतः गर्दीत शिरून लोकांना कॅमेऱ्याकडे ढकलताना काही फितींत दिसतो. एकच पोर तीन-तीनदा धावत येऊन चौकटीत शिरते. लोक हसतात, टोपी उडवतात, खोटी मारामारी करतात. पण त्यांचे कपडे, त्यांची उंची, दहा-बारा वर्षांच्या मुलांचे गिरणीतून बाहेर पडणे, हे कोणी मुद्दाम मांडलेले नव्हते.

सोम नदीकाठचा उन्हाळा

ऑगस्ट १९१४ मध्ये महायुद्ध सुरू झाले, तेव्हा वृत्तपट ही शहरी जीवनातील सवय झाली होती. फ्रान्समध्ये पाथे कंपनीचा साप्ताहिक वृत्तपट सुरू होऊन काही वर्षे लोटली होती आणि १९१० पासून तो इंग्लंडमध्येही निघत होता. राजाची मिरवणूक, बोटीचे जलावतरण, घोड्यांच्या शर्यती, नव्या टोप्यांची फॅशन असा त्याचा मजकूर असे. युद्ध सुरू होताच ब्रिटिश युद्धमंत्री लॉर्ड किचनर यांनी वार्ताहर आणि कॅमेरे दोन्ही आघाडीपासून दूर ठेवले. जवळजवळ वर्षभर पडद्यावर युद्ध म्हणजे कवायत, निरोप आणि बंदरातील आगबोटी एवढेच होते. जर्मनीत ऑस्कर मेस्टर यांचा युद्धविषयक वृत्तपट १९१४ च्या शरद ऋतूतच सुरू झाला, फ्रान्सने १९१५ मध्ये लष्कराचा स्वतंत्र चित्रपट विभाग काढला, तेव्हा कुठे ब्रिटिश सरकारला आपल्या धोरणाचा फेरविचार करावा लागला.

त्या फेरविचाराचे सर्वांत मोठे फळ म्हणजे 'द बॅटल ऑफ द सोम'. जेफ्री मॅलिन्स आणि जॉन मॅकडॉवेल या दोन कॅमेरामननी जून-जुलै १९१६ मध्ये फ्रान्समधील सोम नदीच्या आघाडीवर चित्रण केले आणि ऑगस्टच्या तिसऱ्या आठवड्यात तो लंडनच्या चौतीस चित्रपटगृहांत एकाच वेळी लागला. पहिल्या सहा आठवड्यांत त्याची सुमारे दोन कोटी तिकिटे खपली असे मानले जाते. त्या वेळी ब्रिटनची लोकसंख्या साडेचार कोटींच्या आत होती. लढाई अजून चालूच होती. ती नोव्हेंबरात थांबली. म्हणजे पडद्यावर जे जवान हसत पुढे जाताना दिसत, त्यांच्यातले कित्येक त्या क्षणी मेलेले होते आणि समोर बसलेल्यांपैकी काहींना त्याची तार अजून यायची होती. १ जुलै १९१६ या एका दिवसात ब्रिटिश फौजेचे ५७,४७० सैनिक जायबंदी, बेपत्ता वा ठार झाले. त्यांपैकी मृतांची संख्या १९,२४० होती.

या चित्रपटातील सर्वांत गाजलेले दृश्य कोणते, तर खंदकाची कड चढून जवान हल्ल्यासाठी बाहेर पडतात ते. दोघे जण चढता चढता मागे कोसळतात. शंभर वर्षे हे दृश्य असंख्य माहितीपटांत महायुद्धाचे प्रतीक म्हणून वापरले गेले, पाठ्यपुस्तकांत त्याची छायाचित्रे छापली गेली. ते दृश्य खोटे आहे. आघाडीच्या मागे, उखळी तोफांचे प्रशिक्षण जिथे दिले जाई तिथे ते जुळवून आणलेले आहे. अभ्यासकांनी दिलेले पुरावे तसे साधेच आहेत. जवानांच्या पाठीवर हल्ल्याला जाताना असणारे पूर्ण ओझे नाही. कॅमेरा अशा जागी आहे की खरी गोळागोळी चालू असती तर कॅमेरामन क्षणभरही उभा राहू शकला नसता. शिवाय मेलेला म्हणून पडलेला एक जण नंतर जरा हालचाल करतो.

मात्र एवढ्यावरून सबंध चित्रपटाला बनावट ठरवणे अन्यायाचे होईल. जुळवलेला भाग फार थोडा आहे. सव्वा तासाच्या चित्रपटात तो शोधावा लागतो. हॉथॉर्न टेकडीखाली पेरलेल्या सुरुंगाचा स्फोट खरा आहे. जखमी सोबत्याला पाठीवर घेऊन खंदकातून येणारा आणि क्षणभर थेट कॅमेऱ्याकडे पाहणारा जवान खरा आहे. मृतदेह खरे आहेत, आणि आपल्याच सैन्याचे मृतदेह पडद्यावर पाहण्याची ब्रिटिश प्रेक्षकांची ती पहिलीच वेळ होती. दरॅम येथील ख्रिस्ती धर्माधिकाऱ्यांनी 'टाइम्स'ला पत्र लिहून शोकाचा असा करमणुकीसाठी वापर करण्याला आक्षेप घेतला. पण ज्यांच्या घरातला माणूस गेला होता, अशी माणसेही तिकिटे काढत होती. पडद्यावरच्या गर्दीत आपला मुलगा दिसेल, या आशेने कित्येक जण गेले. ब्लॅकबर्नच्या तंबूत स्वतःचा चेहरा शोधायला आलेला प्रेक्षक आणि हा प्रेक्षक यांत फरक काळजीचा होता, पाहण्याच्या पद्धतीचा नव्हता.

आणि या प्रेक्षकाची दखल सरकारने पुरेपूर घेतली. १९१७ मध्ये 'टॉपिकल बजेट' हा खासगी वृत्तपटच युद्ध खात्याच्या समितीने आपल्या हाती घेतला. आठवड्यातून दोनदा निघणाऱ्या त्या वृत्तपटात तोफगोळ्यांच्या कारखान्यांतील स्त्रिया, शेतावर राबणाऱ्या तरुणी, जखमींसाठीचे मेळावे दिसत. बटाटे आणि मार्गारीनसाठी लंडनच्या दुकानांसमोर लागलेल्या रांगांचा जाच ज्या प्रेक्षकाला रोज सोसावा लागे, त्याला पडद्यावर राष्ट्राची शिस्त दाखवली जाई. जर्मनीत १९१६-१७ चा हिवाळा लोकांनी सलगम खाऊन काढला. सेन्सॉरच्या देखरेखीखालील वृत्तपटांत त्या उपासमारीला जागा नव्हती. तरीही अशा फितीत कधी एखाद्या दुकानाची रिकामी काच, वेळेआधी म्हातारा झालेला हमाल, काळ्या पोशाखातील स्त्रियांची वाढलेली संख्या अनवधानाने येऊन जाते. सेन्सॉर मध्यभागी काय आहे ते पाहत असे. कडेला त्याचे लक्ष नसे.

आपली माणसे कुठे आहेत?

या युद्धात भारतातून दहा लाखांहून अधिक माणसे समुद्रापार गेली आणि ७० हजारांहून अधिक परतली नाहीत. पडद्यावर ती कशी आली? १९१५ च्या उन्हाळ्यात हिल्टन गर्डवुड नावाच्या छायाचित्रकाराने फ्रान्समध्ये भारतीय पलटणींचे चित्रण केले. भारतात त्याने यापूर्वी बरेच काम केले होते. पलटणींची रोजची कामे, छावणीतील जीवन हे त्याला मिळाले. लढाईची दृश्ये मात्र त्यानेही पिछाडीला जुळवून घेतली. त्याचा चित्रपट लंडनला लागला तो सप्टेंबर १९१६ मध्ये. तोवर भारतीय पायदळ फ्रान्समधून हलवून मेसोपोटेमियात, म्हणजे आजच्या इराकमध्ये, नेल्याला पाऊण वर्ष होत आले होते. लंडनचे प्रेक्षक फ्रान्सच्या हिरवळीवरील जवान पाहून टाळ्या वाजवत असताना ते जवान तैग्रिसच्या काठी उन्हाने आणि तापाने मरत होते.

महाराष्ट्राच्या दृष्टीने महायुद्धातील सर्वांत भयंकर प्रसंग याच नदीकाठचा. डिसेंबर १९१५ मध्ये कूत-अल-अमारा या गावात जनरल टाउनशेंड यांची सहावी पूना डिव्हिजन वेढली गेली. तिच्यात १०३ वी, ११० वी आणि ११७ वी अशा तीन मराठा पलटणी होत्या. अन्न संपत गेले, घोडे मारून खाण्याची वेळ आली. धर्माच्या आणि जातीच्या बंधनामुळे अनेक भारतीय शिपायांनी ते मांस बरेच दिवस नाकारले, आणि त्यांची प्रकृती झपाट्याने ढासळली. २९ एप्रिल १९१६ रोजी सुमारे तेरा हजार माणसांनी शरणागती पत्करली. त्यानंतरच्या वाळवंटातील पायपिटीत आणि कैदेत हजारो मेले. कूतच्या वेढ्याचे वृत्तपट नाहीत. ब्रिटिशांचा अधिकृत कॅमेरामन एरियल व्हार्जेस मेसोपोटेमियात पोहोचला तो १९१७ मध्ये, बगदाद जिंकल्यावर. पराभवाकडे कॅमेरा गेला नाही आणि विजयाकडे तो पाठवला गेला, यात त्या काळच्या सरकारी यंत्रणेचे वेगळेपण काही नाही. प्रत्येक सरकार हेच करते. पण परिणाम असा की सोमची लढाई जगाच्या डोळ्यांसमोर आजही आहे आणि कूत सातारा-रत्नागिरीच्या घराघरांतूनही पुसट झाले आहे.

चित्राच्या जागी आपल्याकडे उरले ते आकडे. साताऱ्याजवळच्या अपशिंगे गावात महायुद्धात कामी आलेल्या ४६ जवानांची नोंद करणारा स्तंभ आहे. इतर अनेक गावांतही चावडीवर किंवा शाळेच्या भिंतीत अशा संगमरवरी पाट्या बसवलेल्या आढळतात. या गावातून इतके गेले, त्यांपैकी इतके मेले, एवढेच त्यांवर कोरलेले असते. नावे बहुधा नसतात.

युद्धाची झळ आपल्या चित्रपटसृष्टीला दुसऱ्याच मार्गाने बसली. दादासाहेब फाळके १९१४ मध्ये आपले चित्रपट घेऊन लंडनला गेले होते. ते परतले आणि युद्ध पेटले. कच्ची फिल्म सारी परदेशातून येई. ती दुर्मीळ आणि महाग झाली, भांडवल देणाऱ्यांनी हात आखडते घेतले. अशा ओढाताणीच्या दिवसांत, १९१७ साली, फाळके यांनी 'चित्रपट कसे तयार करतात' ही लहानशी फीत काढली. तिचा काही भाग सुदैवाने टिकला आहे. फिल्मची पट्टी हातात धरून निरखणारे, नटांना हालचाली सांगणारे फाळके त्यात दिसतात. महायुद्धाच्या काळात मराठी माणूस आपल्या रोजच्या कामात कसा दिसे, याचे हलते चित्र शोधायचे तर हाती येते ते एवढेच.

कारण त्याआधीचे सारे गेले. सावेदादा म्हणून ओळखल्या जाणाऱ्या हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर यांनी १८९९ मध्ये मुंबईच्या हँगिंग गार्डनमधील कुस्ती आणि १९०१ मध्ये रँग्लर परांजपे यांचे केंब्रिजहून परतल्यावर झालेले स्वागत चित्रित केले होते. हे भारतीयाने केलेले पहिले वृत्तचित्रण. त्या गर्दीत त्या दिवशी मुंबईचे कोण कोण उभे होते, पगड्या किती आणि टोप्या किती, हे आता कळणे नाही. त्या फिती नष्ट झाल्या आहेत. देशात १३०० च्या आसपास मूकपट निघाले, त्यांतले दोन-तीन डझनच पूर्ण वा तुकड्यांत उरले. जुनी नायट्रेट फिल्म आपोआप सडते आणि सहज पेट घेते. २००३ च्या जानेवारीत पुण्यात लागलेल्या आगीत अशा फिल्मचा मोठा साठा भस्मसात झाला. बाहेरही फारसे वेगळे घडले नव्हते. फ्रान्समध्ये जॉर्ज मेलिएस यांच्या शेकडो फिती महायुद्धाच्या काळात लष्कराने वितळवल्या आणि त्या सेल्युलॉइडपासून बुटांच्या टाचा केल्या. पण तिथे निदान पिंपे सापडतात. आपल्याकडील पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आणि मुंबईची फिल्म्स डिव्हिजन २०२२ मध्ये राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाली. चित्रपटनिर्मिती आणि बाजारपेठ पाहणाऱ्या महामंडळाच्या कारभारात सडत चाललेल्या रिळांची निगा कितव्या क्रमांकावर असेल, ही शंका तेव्हा चित्रपटकर्मींनी उपस्थित केली होती आणि ती गैर नव्हती.

रंग कोणी दिला?

जे टिकले त्याच्यापुढे आता वेगळाच प्रश्न आहे. २०१८ साली दिग्दर्शक पीटर जॅक्सन यांनी लंडनच्या इंपीरियल वॉर म्युझियममधील शंभर तासांच्या फिती वापरून 'दे शॅल नॉट ग्रो ओल्ड' हा माहितीपट केला. हाताने फिरवलेल्या कॅमेऱ्याची गती कमी-जास्त होई आणि नंतरच्या यंत्रांवर ती फीत वेगाने चाले, म्हणून जुन्या चित्रांतील माणसे दुडदुडताना दिसतात. जॅक्सन यांनी गती सुधारली, रंग भरले, ओठांच्या हालचाली वाचून संवाद घातले. त्या चेहऱ्यांनी जगभरचे प्रेक्षक हेलावून गेले, आणि ते स्वाभाविकही होते. प्रत्यक्ष हल्ल्याचा प्रसंग आला तेव्हा मात्र जॅक्सन यांनाही त्या काळच्या नियतकालिकांतील चित्रांचा आधार घ्यावा लागला. खऱ्या चढाईचे चित्रण नव्हतेच. शंभर तासांतून निवडायला होती ती चहा पिणारी, दाढी करणारी, उवा मारणारी माणसे.

जॅक्सन यांनी निदान काय केले ते उघड सांगितले आणि मूळ फिती संग्रहालयात सुरक्षित आहेत. त्यानंतर कृत्रिम बुद्धिमत्तेची साधने कोणाच्याही हाती आली आणि १९०० च्या आसपासची जगभरची रस्त्यांची दृश्ये रंगीत, स्वच्छ, गुळगुळीत होऊन फिरू लागली. ही साधने दोन चौकटींमधील हालचाल स्वतः रचतात, धूसर चेहऱ्याला डोळे-नाक देतात. रंगाचेही तेच. त्या काळच्या फिल्मवर लाल रंग उमटत नसे, तो काळपट दिसे, आणि निळे आकाश पांढरे येई. एखाद्या भारतीय शिपायाचा फेटा पडद्यावर काळा दिसला तर तो लाल होता, गडद हिरवा होता की खरोखरच काळा, हे फितीवरून सांगता येत नाही. पलटणीच्या नोंदी पाहाव्या लागतात. यंत्र नोंदी पाहत नाही. ते एक रंग निवडते आणि पुढे जाते.

यातली अडचण अशी की १९१६ सालच्या बनावटीत मधले दृश्य खोटे आणि कडेची माणसे खरी होती. अभ्यासक पाठीवरचे ओझे मोजून, सावलीची दिशा पाहून बनाव ओळखू शकले ते याच कडेच्या भरवशावर. नव्या साधनांचा हात आधी तिथेच पोहोचतो. गर्दीतला तिसऱ्या रांगेतला चेहरा, दुकानावरची अर्धवट पाटी, मुलाच्या पायातला फाटका बूट, जे जे अस्पष्ट ते ते भरून काढले जाते. मे २०२५ मधील बनावट विमाने दोन दिवसांत उघडी पडली, कारण ती पाडली गेली नाहीत हे सांगणारे जिवंत साक्षीदार होते. १९०१ मधील फाटकासमोरच्या मुलाबद्दल साक्ष द्यायला आता कोणीही नाही.

इंपीरियल वॉर म्युझियमकडे 'द बॅटल ऑफ द सोम' १९२० पासून आहे. २००५ मध्ये युनेस्कोने त्याचा 'जागतिक स्मृती' नोंदवहीत समावेश केला. खंदकाची कड चढणारे ते जवान त्यात आजही आहेत. ते दृश्य कापलेले नाही. ते जुळवलेले आहे, अशी नोंद संग्रहालयाने त्याच्याशेजारी करून ठेवली आहे.